मधला पत्रा

कपाट विकत घ्यायला आलेला माणूस रंग बघतो, कुलूप बघतो, दार दोनदा उघडून मिटून बघतो. फार तर बोटाच्या पेरानं दारावर टकटक करतो. पत्र्याची जाडी त्याला दिसत नाही, कारण कडा आत दुमडलेली असते आणि वरून पावडर कोटिंग असतं. माझे आजवरचे कामाचे दिवस त्या न दिसणाऱ्या कडेपाशी गेले. आधी साकीनाक्याला, खैरानी रोडवरच्या बाबांच्या गाळ्यात, आणि आता वसईला एका लेझर कटिंगच्या कारखान्यात. तिथं मी क्वालिटी बघते.

रोज सकाळी असल्फ्याला मेट्रोत चढते. पुढचंच स्टेशन साकीनाका. गाडी वरून जाते आणि खाली पत्रेच पत्रे. गंजलेले, नवे, निळ्या ताडपत्रीनं झाकलेले, वारा उचलू नये म्हणून वर टायर आणि विटा ठेवलेले. त्यातल्या एका छपराखाली आमचा गाळा होता. पायानं दाबायची एक कातर, हातानं चालवायचं एक बेंडिंग मशीन, एक स्पॉट वेल्डिंग, आणि भिंतीला उभे लावलेले आठ बाय चार फुटांचे पत्रे. बाबा मीटरच्या पेट्या करायचे, पॅनेल बॉक्स करायचे, कधी लॉकर. पावसाळ्यात नवा पत्रा दोन दिवसांत तांबूस व्हायचा, म्हणून आई जुनी लुगडी तेलात भिजवून द्यायची आणि आम्ही भावंडं पत्रे पुसायचो. त्या तेलाचा वास मला अजून जुलै महिन्याचाच वास वाटतो.

बाबा पत्र्याची कड अंगठा आणि तर्जनीत धरून सांगायचे, "हा वीस. हा अठरा." पत्रा हलवूनही सांगायचे. वीस गेजचा, म्हणजे जाडीच्या वीस नंबरचा, पत्रा हलवला की थरथरत वाजतो, सोळाचा मुकाट राहतो. त्यांचं बोट क्वचितच चुकायचं. पण बोटानं सांगून झालं की ते मायक्रोमीटर काढायचे आणि आकडा खडूनं पत्र्यावर लिहायचे. मी एकदा विचारलं होतं, तुम्हाला कळतंच तर मोजता कशाला? ते म्हणाले, "कळतं ते माझ्यापाशी राहतं. लिहिलेलं गिऱ्हाइकापाशी जातं."

तो मायक्रोमीटर त्यांनी नागदेवीच्या बाजारातून घेतला होता, जपानी, लाकडी डबीतला. दहावीच्या सुट्टीत त्यांनी तो माझ्या हातात दिला. पत्र्याजवळ नेला तर म्हणाले, "थांब. आधी रिकामा बंद कर. शून्य जुळतंय का बघ." मग पत्र्याची कड कानशीनं घासायला लावली, कारण कातरीनं कापलेल्या कडेला बर, म्हणजे उठलेली खरखरीत कोर, राहतो आणि आपण पत्र्याऐवजी बर मोजतो. मग फडक्यानं पुसायचं. मग कडेपासून जमेल तेवढं आत जाऊन पकडायचं आणि मागच्या टोकाची रॅचेट फिरवायची, तीनदा टिकटिक होईपर्यंत. जोर आपला नाही, रॅचेटचा. प्रत्येक माणसाचा हात वेगळा, रॅचेटचा दाब तेवढाच, म्हणून माझं मोजमाप आणि बाबांचं मोजमाप एक येतं. ही गोष्ट मला तेव्हा फार मोठी वाटली होती आणि आजही वाटते.

आतलं गणित सोपं आहे. स्क्रूचा एक फेरा म्हणजे अर्धा मिलिमीटर. फिरणाऱ्या भागावर पन्नास रेघा. म्हणजे एक रेघ म्हणजे मिलिमीटरचा शंभरावा भाग. साधा ए-फोर कागद साधारण ०.१ मिलिमीटर जाड असतो, त्याचे दहा भाग करावेत तेवढी ही एक रेघ. फ्रान्समध्ये पामेर नावाच्या माणसानं १८४८ साली या मापकाचं पेटंट घेतलं, आणि तिकडं आजही मायक्रोमीटरला पामेरच म्हणतात. खिशात मावेल अशा या वस्तूनं दीडशेहून जास्त वर्षं आपलं रूप जवळजवळ बदललेलं नाही.

त्या सुट्टीत माझी एक चूक झाली. मी वाचलं १.१२. बाबांनी मागे न वळताच म्हटलं, "असा पत्रा बाजारात येत नाही. परत बघ." परत बघितलं तर अर्ध्या मिलिमीटरची खालची रेघ उघडी पडली होती आणि मी ती मोजलीच नव्हती. १.६२ होतं. कुठले आकडे येऊ शकतात हे आधी ठाऊक असलं की चुकीचा आकडा आपोआप डोळ्यात सलतो, हे मी त्या दिवशी शिकले. त्याच रात्री गेजचा तक्ता पाठ केला. चौदा म्हणजे २.०३२. सोळा म्हणजे १.६२६. अठरा १.२१९, वीस ०.९१४, बावीस ०.७११. पाढ्यांसारखा.

गेज चढत जातं तसा पत्रा पातळ का होतो, हे नव्या पोरांना कोडं पडतं. ही पद्धत तारेकडून आली. तार भोकातून ओढून बारीक करायची. जितक्या वेळा ओढली तितका तिचा नंबर वाढायचा. जास्त नंबर, जास्त ओढलेली, जास्त बारीक. इंग्लंडमध्ये जो तो कारखाना आपले नंबर धरायचा, शेवटी १८८४ साली तिथं एक कायदेशीर तक्ता ठरला. तोच इंग्रजांबरोबर मुंबईच्या गोदीत उतरला आणि लोखंडाच्या बाजारात राहिला. आपल्याकडं मेट्रिकचा कायदा १९५६ चा, पण आजही फॅब्रिकेशनच्या गाळ्यात प्लेट सुतात मागतात, इंचाचा आठवा भाग म्हणजे एक सूत, आणि पत्रा गेजमध्ये.

यात मला आपुलकी वाटते आणि रागही येतो. आपुलकी, कारण "सोळा" म्हटलं की मला बाबांचं बोट आठवतं. राग, कारण सोळा हा आकडा नाही, नाव आहे. अमेरिकेत स्टीलच्या पत्र्याचा तक्ता वेगळा आहे. त्यांचा सोळा म्हणजे १.५१९ मिलिमीटर. आपल्या सोळाहून ०.१०७ नं कमी, म्हणजे एका कागदाएवढा फरक. आठ बाय चारच्या एका पत्र्यात तेवढ्यानं अडीच किलो लोखंड कमी होतं. आणि दोन्ही पत्रे बिलावर "१६ गेज". गिऱ्हाइकाचं ड्रॉइंग परदेशातलं असेल तर मी पहिला फोन तिथं करते: तुमचा सोळा कुठला?

लेझरकडं मी उशिरा आले. गाळा बंद झाला होता, बाबांच्या गुडघ्यांनी पायाची कातर दाबणं सोडलं होतं. वसईच्या कारखान्यात पहिल्या दिवशी मशीनसमोर उभी राहिले तेव्हा मला काय वाटलं ते सांगायला हवं. बाबांना एका पॅनेलच्या दाराला भोकं पाडायला, कापायला, कडा घासायला अर्धा दिवस लागायचा. इथं पत्रा टेबलावर ठेवला, दार बंद झालं, आणि बघता बघता दारं, भोकं, खाचा, बिजागरीच्या जागा, सगळं मोकळं झालं. प्रत्यक्ष किरण डोळ्याला दिसत नाही. फायबर लेझरची तरंगलांबी एक मायक्रोनच्या जराशी वर, दिसण्याच्या पलीकडची. म्हणूनच तो धोक्याचा, कारण डोळा मिटत नाही आणि प्रकाश थेट डोळ्यातल्या पडद्यापर्यंत जातो. मशीनच्या केबिनची काच त्यासाठी खास असते. दिसतात त्या पत्र्याखाली पडणाऱ्या ठिणग्या. आमचा ऑपरेटर त्या ठिणग्या वाचतो. सरळ खाली पडल्या तर ठीक, मागे रेंगाळल्या तर वेग जास्त.

या मशीनच्या वंशावळीत आपल्याकडचा एक माणूस आहे, हे मला कामाला लागल्यावर कळलं आणि मी ते घरी जाऊन बाबांना सांगितलं. सी. कुमार एन. पटेल. जन्म बारामतीचा, १९३८ चा, शिक्षण पुण्याच्या इंजिनीअरिंग कॉलेजात. अमेरिकेत बेल लॅब्जमध्ये १९६४ साली त्यांनी कार्बन डायऑक्साइड लेझर शोधला. पहिला लेझर त्याआधी चार वर्षांपूर्वीच, १९६० साली, थिओडोर मेमन यांनी माणकाच्या कांडीतून काढला होता, पण कारखान्यात दीर्घकाळ राबला तो पटेलांचा. मग १९६७ साली इंग्लंडमध्ये केंब्रिजजवळ त्या किरणाबरोबर ऑक्सिजनचा झोत सोडून स्टीलचा पत्रा कापला गेला. लोखंड ऑक्सिजनमध्ये जळतं, त्या जळण्याची उष्णता कापायला मदत करते, आणि झोत वितळलेलं लोखंड खाली उडवून देतो. आजही साध्या लोखंडाला आम्ही ऑक्सिजन लावतो. स्टेनलेसला नायट्रोजन, म्हणजे कड काळी पडत नाही, चांदीसारखी निघते. बाबा हे सगळं ऐकून एवढंच म्हणाले, "बारामतीचा?" आणि बराच वेळ समाधानानं बसून राहिले.

आता ज्यासाठी लिहायला बसले ते.

मशीनच्या नोझलला एक सेन्सर असतो. नोझल आणि पत्रा यांच्यामधलं अंतर तो विद्युत धारकतेवरून ओळखतो आणि डोकं पत्र्यापासून साधारण एक मिलिमीटरवर तरंगत ठेवतो. पत्रा लाटेसारखा वर-खाली असला तरी डोकं त्याच्याबरोबर वर-खाली होतं. बघायला फार सुंदर असतं ते. पण त्या सेन्सरला कळतो तो फक्त पत्र्याचा वरचा पृष्ठभाग. खाली किती लोखंड आहे ते त्याला माहीत नाही. जाडी ऑपरेटर स्क्रीनवर भरतो. मशीन त्या आकड्यावर विश्वास ठेवतं, ऑपरेटर बंडलावरच्या चिठ्ठीवर विश्वास ठेवतो.

दोन पावसाळ्यांपूर्वी आमच्याकडं कंट्रोल पॅनेलच्या दोनशे चाळीस दारांचं काम होतं. ड्रॉइंगवर १.६ मिलिमीटर, सीआर पत्रा, म्हणजे थंड असताना रुळांतून दाबून काढलेला. बंडल आलं, साधारण दोन टनांचं, पन्नासएक पत्रे. वरचा पत्रा मी मोजला. तीन ठिकाणी. १.६०, १.६१, १.६०. खडूनं लिहिलं, सही केली, काम सुरू झालं. दुसऱ्या दिवशी दुपारी बेंडिंगचे दादा माझ्या टेबलाशी आले. संगमेश्वरकडचे, कमी बोलणारे. म्हणाले, "ताई, कोन उघडतोय. नव्वदचा ब्याण्णव होतोय. सकाळपासून ठीक होतं."

सगळ्यांचं बोट लेझरकडं गेलं. नवीन मशीनवर संशय लवकर येतो. मी सपाट तुकडे मोजले, लांबी-रुंदी एक दशांशाच्या आत. लेझरनं सांगितलं तेवढंच कापलं होतं. मग दादांनी वाकवलेलं दार घेतलं. कोन उघडा होताच, त्यामुळे दुमडलेल्या कडा बाहेर झुकल्या होत्या आणि तिथं दार रुंदीला जवळजवळ अर्धा मिलिमीटर जास्त भरत होतं. चौकटीत ते घासत होतं. अर्ध्या मिलिमीटरचं घासणं ऐकायला क्षुल्लक वाटेल, पण रंग चढल्यावर दोन्ही बाजूंनी साठ-सत्तर मायक्रोन आणखी वाढतात आणि तसं दार मिटतच नाही.

पत्रा वाकतो तेव्हा बाहेरची बाजू ताणली जाते, आतली दबते. सपाट तुकडा किती लांब कापायचा, म्हणजे वाकवल्यावर बरोबर माप येईल, हे गणित जाडीवर चालतं. जाडी बदलली की प्रत्येक मुडपीत माप जरा जरा चुकतं. आणि बेंडिंगचा पंच, म्हणजे वरून पत्रा दाबणारं पातं, ठरलेल्या खोलीपर्यंतच उतरत असेल तर पातळ पत्रा कमी वाकतो. दादांचं मशीन दोन्ही मार्गांनी एकच गोष्ट सांगत होतं. मी मायक्रोमीटर घेतला. १.४२.

१.४२२ म्हणजे सतरा गेज. तक्त्यातला पाढा आपोआप आठवला. बंडलाचे वरचे काही पत्रे सोळाचे, खालचे काही सोळाचे, आणि मध्ये सतरा भरलेला. एकाच बंडलात, एकाच चिठ्ठीखाली. पत्रा देणाऱ्याला फोन केला. तो म्हणाला, बिल किलोवर आहे, वजन बरोबर आहे ना? वजन बरोबर होतं. किलोमध्ये त्यानं आम्हाला एक ग्रॅमही कमी दिला नव्हता. बिलावर लिहिलं होतं "१६ गेज सीआर". मिलिमीटर कुठंच नव्हते.

पैशाचं नुकसान झालं, ते भरून निघालं. मला रात्री झोप लागली नाही ती वेगळ्या कारणानं. दादांनी कोन ओळखला नसता, पंच जरा आणखी खाली उतरवून नव्वद जुळवला असता, तर ती दारं रंगून, कुलूप लागून निघून गेली असती. पत्र्याचा ताठपणा जाडीच्या घनावर जातो. १.६ च्या जागी १.४२ आला तर ताठपणा तीस टक्क्यांनी घटतो. १.२ आला तर निम्म्याहून कमी उरतो. तळमजल्याच्या मीटर रूममध्ये, समुद्राच्या खाऱ्या हवेत, दोन्ही दारांना गंज त्याच वेगानं खातो. पातळ दाराला भोक आधी पडतं. आत विजेच्या तारा असतात आणि बाहेर सोसायटीची पोरं लपाछपी खेळतात. मी असल्याच इमारतींच्या मीटर रूमबाहेर खेळून मोठी झाले. बाबांनी केलेल्या पेट्या तिथं होत्या, त्यांच्यावर पाठ टेकून राज्य घ्यायचे.

त्या आठवड्यात बाबांना सगळं सांगितलं. त्यांनी लेझरबद्दल काही विचारलं नाही. एकच विचारलं, "मधला पत्रा मोजलास का?" मी गप्प राहिले. गाळ्यात बंडल कधी आलंच नव्हतं, चार-पाच पत्रे हातगाडीवरून यायचे, तरी ते वरचा बाजूला ठेवून मधला काढायचे. मी ते पाहत आले होते आणि मला वाटायचं की वरच्याला हातगाडीवर ओरखडा पडलेला असतो म्हणून.

त्यांनीच दुसरी एक वाट सांगितली. मायक्रोमीटरची कमान लहान, तो कडेपासून दोन-तीन सेंटिमीटरच आत जातो. पत्रा मात्र कडेला जरा पातळ आणि मधे जाड असू शकतो, कारण गिरणीचे रूळ दाबाखाली स्वतः किंचित वाकतात. मधली जाडी बघायची तर तुकडा कापून तोलायचा. बाबा चौकोन कातरीनं कापायचे, कोपऱ्यावरच्या वाण्याकडं तोलून आणायचे आणि भागाकार करायचे. कातरीचा चौकोन कधीच पुरता चौकोन नसायचा, म्हणून उत्तर अदमासे यायचं. माझ्याकडं आता लेझर होता. शंभर बाय शंभर मिलिमीटरचा चौकोन, कडा काटकोनात, बर नाही. स्टीलची घनता ७.८५. शंभर मिलिमीटरच्या चौकोनाचं वजन दर मिलिमीटर जाडीला ७८.५ ग्रॅम. १.६ चा चौकोन १२५.६ ग्रॅम भरायला हवा, सतरा गेजचा १११.६. सोनाराकडं असतो तसा छोटा काटा मागवला. पहिला चौकोन ठेवला आणि काट्यावर १२५.३ आलं, तेव्हा मी आणि ऑपरेटर दोघंही काही क्षण त्या आकड्याकडं बघत राहिलो.

आता दर बंडलातून चौकोन निघतो. नेस्टिंगमध्ये, म्हणजे पत्र्यावर भाग बसवायच्या आखणीत, दोन भागांच्या मधे जी जागा वाया जाते तिथं तो बसवतो, जादा पत्रा लागत नाही. त्यावर मार्करनं तारीख, वजन आणि मायक्रोमीटरचा आकडा लिहून मी खणात ठेवते. खण जड झालाय, ओढताना दोन हात लागतात. पत्र्याची ऑर्डर आता मिलिमीटरमध्ये जाते, गेज लिहायचं नाही असं मालकांकडून लेखी घेतलंय. पुरवठादारांपैकी दोघांनी कुरकुर केली, एकानं येणं बंद केलं.

सगळ्यात अवघड गेलं ते मधला पत्रा काढणं. दोन टनांच्या बंडलातून मधला पत्रा काढायचा म्हणजे पट्ट्या कापायच्या, वरचे पंचवीस पत्रे एकेक करून उचलायचे आणि शेजारी रचायचे. मशीन तेवढा वेळ थांबतं. लेझर थांबलेला मालकांना बघवत नाही, आणि त्यांचंही चूक नाही, हप्ता चालू असतो. महिनाभर रोज वाद झाले. मग एक दिवस ते स्वतः मजल्यावर उभे राहिले, हातमोजे घातले आणि म्हणाले, चला, किती वेळ लागतो बघू. बावीस मिनिटं लागली.

आज सकाळी वसईत धो धो पाऊस होता. ट्रक आत घ्यायलाच पाऊण तास गेला, बंडलाच्या प्लास्टिकवर पाणी साचलेलं. पोरांनी ते फडक्यानं टिपून घेतलं, पट्ट्या कापल्या. व्हॅक्यूमचे कप खाली आले, एकेक पत्रा उचलत गेले. चोविसावा गेला, पंचविसावा गेला. सव्विसाव्याची कड मी कानशीनं घासली, पुसली, मायक्रोमीटर आधी रिकामा बंद करून बघितला. मग पत्र्यावर लावला. तीन टिकटिक. १.५९. बाजूला उभ्या पोरानं खडू पुढं केला.